जनान्याचा पडदा

बरकतपुऱ्यातल्या एका बंद थिएटरच्या मालकाने मला फसवले. जनान्याचा (बायकांच्या वेगळ्या बसण्याच्या जागेचा) मखमली पडदा माझ्यासाठी ठेवतो, असा शब्द दिला आणि विकला एका हॉटेलवाल्याला. नांदेडात जुन्या लाकूडसामानाचा धंदा मी शून्यातून उभा केला. भाव न पाडता घ्यायला निघालो ती ही एकच वस्तू. आईची नजर गेली आहे. तो पडदा एकदा हाताला लागू दे, म्हणाली होती.

काचीगुडा स्टेशनला उतरलो तेव्हा ही फसवणूक मला ठाऊक नव्हती. इराणी चहात बिस्कीट बुडवून खाल्ले आणि मजेत निघालो. थिएटरच्या पायऱ्यांत पिंपळ उगवला होता. दाराशी कौसाबाई बसल्या होत्या. लहानपणी आम्ही याच भागात राहायचो. तेव्हा जनान्याचा पडदा ओढायचे काम त्यांचे.

"पडदा परवाच नेले की हॉटेलवाले," त्या म्हणाल्या.

मालकाला फोन लावला. उचलेना. मी तोंडाला येईल ते बोललो.

"कायकू (कशाला) ओरडतो? कबुतरं उडतील. आत चल."

आत पाय ठेवला. खुर्च्या उपटून नेलेल्या. फुटक्या पत्र्यातून उन्हाचा एक झोत समोरच्या भिंतीवर पडला होता, आणि त्यात धूळ हलत होती. रिकाम्या थिएटरात खेळ चालूच होता. किती वेळ पाहत उभा राहिलो, कळले नाही.

वर जनान्यात सळई उरली होती, पितळी कड्यांसकट. कौसाबाईंनी हात उंचावून कड्या ओढल्या. खळ्ळ! दिवे मालवले की हाच आवाज व्हायचा आणि पडदा उघडायचा. मध्यंतराआधी पुन्हा खळ्ळ, पडदा बंद.

"एकदा मला डुलकी लागली," त्या म्हणाल्या. "दिवे लागले, पडदा उघडाच! खालून सारे मर्द माना वळवून बघायलेत. बायका खुर्च्यांमागं लपल्या. तुझी आई तेवढी ताठ बसली. म्हणाली, बघू देत, मी पण बघायलेच."

हे मला आईने कधी सांगितले नव्हते.

"कड्यांचं काय घेता?" मी सवयीने विचारले.

"माझ्याशी भाव करतोस? मालक भंगार म्हणतो यांना. ने, रे."

नांदेडला आईने कड्या बोटांत ओवून वाजवल्या. कौसाबाईंची डुलकी सांगितली तेव्हा खूप हसली. मग हात तसाच पुढे धरून म्हणाली, "आणि पडदा?"

शब्द मी दिला नव्हता. ज्याने दिला, त्याने नांदेडला यावे, आईसमोर बसावे आणि त्या हातावर काय ठेवणार ते सांगावे.