ताईचं घर रेषेच्या अलीकडे

मिल्टन कीन्सला पोचताना मला चक्कर आली. विमानात काही झालं नव्हतं, चक्कर आणली ती गोलचौकांनी. हीथ्रोहून सुटलेली बस मोटरवे सोडून शहरात शिरली आणि एक गोल संपला की दुसरा घेऊ लागली. रस्ते मात्र पट्टीने आखल्यासारखे सरळ, एकमेकांना काटकोनात छेदणारे. घरं कुठेच दिसेनात. दोन्ही बाजूंना नुसती दाट झाडी. शहर येणार कधी, असं मी शेजारच्या बाईंना विचारलं, तर त्या म्हणाल्या, आपण मघापासून शहरातच आहोत.

थांब्यावर वसुधाताई उभी होती. ताई माझी मामेबहीण, बँकेतून निवृत्त झालेली. भाऊजी गेल्यापासून ती आणि तिची लेक ईरा दोघीच असतात. ईरा इथेच जन्मली, फार्मसिस्ट आहे आणि या मे महिन्यात काउन्सिलच्या (इथल्या नगरपालिकेच्या) निवडणुकीला पहिल्यांदा उभी होती. मी पुण्यात शाळेत शिकवते आणि दर निवडणुकीला ड्यूटी करते, त्यामुळे सुट्टी लागताच निघायला मला दुसरं कारण नको होतं. प्रवासाची यादी मी नेहमीप्रमाणे महत्त्वाच्या क्रमाने केली होती: आधी ईराची निवडणूक, मग ब्लूबेलची फुलं, मग बाकीचं इंग्लंड.

घरी जाताना ताईने मोठा रस्ता टाळून मला रेडवेवरून (पायी आणि सायकलने जायची लाल वाट) नेलं. ही वाट मोठ्या रस्त्याखालून एका छोट्या बोगद्यातून जाते. पलीकडे नवी वसाहत, ईराची फार्मसी तिथे. अलीकडे ताईचं जुनं घर. झाडीच्या पलीकडे खरंच माणसं राहत होती. तळी होती, बदकं होती, आणि ब्लूबेल फुललेलं एक छोटं वनही निघालं, यादीतलं दुसरं काम पहिल्याच संध्याकाळी झालं.

जेवताना (ताईने थालीपीठ आणि इथल्या कोवळ्या शतावरीची परतून भाजी केली होती) ताई एकाच विषयावर बोलत होती. ईराच्या नावापुढे फुली आपण मारणार. इथे यंत्र नाही, कागदावर पेन्सिलीने फुली मारायची. महाराष्ट्र मंडळातल्या मैत्रिणींना तिने हे कधीच सांगून ठेवलं होतं. भाऊजी असते तर दोन फुल्या झाल्या असत्या, असं म्हणून तिने डोळे टिपले आणि मला आणखी एक थालीपीठ वाढलं. ईरा ताटात बघत होती. मला वाटलं, पोर दमली आहे.

सकाळी ईरा कामावर गेल्यावर कोपऱ्यात पत्रकांचा गठ्ठा दिसला. ताई म्हणाली, पोरीला वेळ कुठे मिळतो, आपण वाटून टाकू. सुरुवात कुठून, असा प्रश्न आम्हा दोघींनाही पडला नाही. आपल्या घरापासून, आपल्या गल्लीपासून. घरचं कार्य असलं की पत्रिका आधी शेजारी जाते, तसंच.

पत्रक वाटणं सोपं नसतं. इथल्या दारांना मधोमध पत्राची फट असते, तिला कडक स्प्रिंग आणि आतून ब्रश. बोटं आत गेली की स्प्रिंग चावते. स्प्रिंग चुकली तर कुत्रा. तिसऱ्या घरी आतून असं भुंकणं ऐकू आलं की मी पत्रक तिथेच टाकून फाटकापर्यंत धावले. मग ताई घरी जाऊन डोशाचं लाकडी उलथनं घेऊन आली. पत्रक उलथन्यावर ठेवायचं, आत ढकलायचं, उलथनं मागे घ्यायचं. नंतर कळलं की इथले मुरलेले कार्यकर्तेही हीच युक्ती करतात. ते ऐकून ताई दिवसभर खूश होती.

गल्लीच्या टोकाला मिस्टर पार्कर भेटले. ऐंशीच्या पुढचे, बागेत गुडघे टेकून काहीतरी लावत होते. त्यांनी पत्रक घेतलं, चष्मा बदलला, शेवटपर्यंत वाचलं. म्हणाले, छान मुलगी आहे तुमची, माझ्या गोळ्या तीच देते. पण ती माझ्या कागदावर नाहीये.

ताईला वाटलं, ते दुसऱ्या पक्षाचे आहेत. तिने नम्रपणे सांगितलं, काही हरकत नाही. तेव्हा ते हसून उठले आणि समजावून सांगू लागले. शहर वाढतं आहे म्हणून सगळे वॉर्ड नव्याने आखले आहेत. आजवर आपली गल्ली आणि पलीकडची वसाहत एका वॉर्डात होती. आता रेषा मोठ्या रस्त्यावरून जाते. जुन्या वॉर्डाचं नाव पलीकडे गेलं, आपल्याला नवीन मिळालं. ईरा उभी आहे ती पलीकडे.

"मी या घरातून कधी हललो नाही," ते म्हणाले. "वॉर्डच माझ्या अंगावरून येतात आणि जातात."

म्हणजे सबंध सकाळ आम्ही ज्यांना ईराला मत द्या म्हणून सांगितलं, त्यांतल्या एकालाही ते देता येणार नव्हतं. मला हसू आवरेना. मग ताईकडे पाहिलं आणि ते आपोआप थांबलं. ती हातातल्या उलथन्याकडे बघत होती. तिलाही देता येणार नव्हतं.

संध्याकाळी ईरा आली तेव्हा उरलेली पत्रकं टेबलाच्या मधोमध होती. तिने ती पाहिली आणि जॅकेट न काढता खाली बसली.

"आई, मी सांगणार होते. रोज सांगणार होते. तू इतकी एक्सायटेड होतीस, मला जमलंच नाही."

ताई म्हणाली, रेषा काउन्सिलने आखली, त्यात तुझा काय दोष. जेवून घे.

इथे विषय संपला असता. पण ईरा भाऊजींवर गेली आहे, अर्धं सांगून तिला चैन पडत नाही.

"तो लाइन मीच मागितला होता, आई. वॉर्डांचा रिव्ह्यू चालू होता तेव्हा कोणीही लिहून कळवू शकत होतं. मी लिहिलं की बाउंड्री मोठ्या रोडवर आणा. तेव्हा मी उभी राहीन असं ध्यानीमनी पण नव्हतं."

ताईने टेबलावरची पत्रकं एकावर एक सरळ केली. मग म्हणाली, "म्हणजे मला तूच बाहेर काढलंस."

त्यानंतर घरात दोन दिवस फक्त कामापुरतं बोलणं झालं. मीठ दे, खिडकी लाव, कचऱ्याचा बिन बाहेर ठेवलास का. मी अशा वेळी मध्ये पडत नाही, पण हातावर हात ठेवूनही बसत नाही. शनिवारी ईराला म्हटलं, चल, मला ही सगळी भानगड नीट समजून घ्यायची आहे. ती मला शहराच्या मध्यभागी लायब्ररीत घेऊन गेली.

तिथे जुने नकाशे पाहायला मिळतात. टेबलावर ते ओळीने पसरले आणि माझ्यातली ड्यूटीवाली बाई सुखावली. पहिल्या नकाशांत शेतंच शेतं, मधून मधून खेडी, आणि रेषा ओढ्यांच्या आणि चर्चच्या हद्दींच्या बाजूने वळत गेलेल्या. मग नवं शहर आखलं गेलं, शेतांवर चौकोन उमटले. एकेका चौकोनात घरं भरत गेली तशी मतदारांची संख्या फुगली आणि रेषा सरकल्या. पुन्हा घरं, पुन्हा रेषा. एखादं खेडं एका नकाशात वॉर्डाचं नाव म्हणून दिमाखात, पुढच्यात कोपऱ्यात, त्यापुढच्यात नाहीसं. वाढत्या मुलाचा सदरा दर दोन वर्षांनी उसवावा, तसं या शहराने आपले वॉर्ड उसवले होते. ईराने नियम सांगितला: प्रत्येक काउन्सिलरमागे मतदार साधारण सारखे हवेत, आणि जी माणसं एकत्र राहतात-वावरतात त्यांना शक्यतो तोडायचं नाही.

मी तिला सांगितलं, आमच्याकडे नवी प्रभागरचना आली की कट्ट्यावर पहिला प्रश्न असतो, ही कोणाच्या सोयीची? तुझी तर तुझ्याच गैरसोयीची.

ती हसली. म्हणाली, फार्मसीत दिवसभर ऐकायला मिळतं. पलीकडे आता इतकी माणसं झाली आहेत, पण तिन्ही काउन्सिलर कायम अलीकडच्या जुन्या बाजूचे. बस वळते ती जुन्या बाजूलाच. हॉल जुन्या बाजूला. पलीकडच्यांना स्वतःचा वॉर्ड मिळाला तर निदान मतं मागायला तरी कोणी दारात जाईल.

"पण हे आईला कसं सांगू? तिला वाटतं मी तिच्या अगेन्स्ट केलं."

सांगू नकोस, मी म्हटलं. दाखव. खरं तर ते कामही मीच अंगावर घेतलं. रविवारी ताईला म्हणाले, पत्रकं उरली आहेत, वाया घालवणं मला पटत नाही. वाया हा शब्द ताईला चालत नाही. तिने मुकाट्याने उलथनं उचललं आणि आम्ही बोगद्यातून पलीकडे गेलो.

पलीकडे ताई इतक्या वर्षांत फार्मसीपुढे कधी गेली नव्हती. आत गल्ल्यांमागे गल्ल्या होत्या, सगळी नवी विटांची घरं, अंगणात लहान मुलांच्या सायकली. एका दारात घाना देशाची एक नर्स भेटली, रात्रपाळी करून आलेली, पायात स्लिपर. पत्रक हातात घेऊन म्हणाली, या घरात राहायला आल्यापासून मत मागायला आलेल्या तुम्ही पहिल्या. तिने ताईला विचारलं, तुम्ही कुठल्या गल्लीत राहता? ताईने बोट दाखवलं. "रस्त्यापलीकडे," नर्स म्हणाली. "आमचे सगळे काउन्सिलर तिकडचेच असायचे." तिच्या आवाजात तक्रार नव्हती. हवामान सांगावं तसं तिने सांगितलं.

ताईने तिला विचारलं की हॉस्पिटलला जाता कशा. बस स्टॉप बराच लांब, नर्स म्हणाली, अंधारात एकटीने चालत. ताईने आणखी विचारलं. मग पुढच्या दारात विचारलं. उरलेली पत्रकं संपायला दुपार गेली, कारण ताई आता उलथनं काखेत धरून प्रत्येक दाराची घंटा वाजवत होती. एका घरी आम्हाला चहा मिळाला, एका घरी लहान मुलाने माझ्या साडीवर जॅम पुसला.

परत येताना बोगद्यात ती थांबली. म्हणाली, "मंगल, इतकी वर्षं मी मत देते. आपल्या बाजूचे काउन्सिलर कोण, हे मला तरी कुठे माहीत होतं? आमचे मिस्टर सांगतील त्याला मी द्यायची."

आणि इथून पुढे घरात मजा सुरू झाली. आपल्या नव्या वॉर्डातले उमेदवार कोण, हे ताईने शोधून काढलं. एरवी प्रचाराला कोणी आलं की ती पडद्याआडून बघत बसायची. आता येईल त्याला आत बोलवायची, पोहे द्यायची आणि समोर बसून विचारायची. बसचं काय, बोगद्यातल्या दिव्याचं काय, मागच्या वेळी काय बोलला होतात? एक उंच तरुण उमेदवार पोह्यातली मिरची चावून लालबुंद झाला, तरी त्याला दिव्याचं उत्तर दिल्याशिवाय पाणी मिळालं नाही. ईराच्या पक्षाचे या वॉर्डातले उमेदवार गृहस्थही आले. ईराने त्यांची ओळख घरच्या माणसासारखी करून दिली. ताईने त्यांनाही तितकेच प्रश्न विचारले. निघताना त्यांनी ईराला हळूच विचारलं, तुमच्या आई नक्की आपल्या बाजूच्या आहेत ना?

मतदानाच्या दिवशी हलका पाऊस होता. केंद्र एका शाळेत होतं. मी बाहेर थांबले. माझ्याबरोबर दोन कुत्रे आणि एक जुन्या घाटाची बाबागाडी थांबली होती. आमच्याकडे असतो तसा पोलीस, दोरी, गर्दी, काही नाही. ताई नवी साडी, वर रेनकोट, हातात पासपोर्ट अशी आत गेली. खूप वेळ आली नाही. मला वाटलं, आत रडत तर नाही ना बसली. बाहेर आली ती हसत. म्हणाली, पेन्सिल बोथट होती, मी दुसरी मागितली.

मग आम्ही बोगद्यातून पलीकडे गेलो आणि फार्मसीपाशी उभ्या असलेल्या ईराच्या माणसांना थर्मासमधला चहा दिला. रात्रपाळीहून आलेली नर्स मत देऊन परत चालली होती. तिने लांबून ताईला हात केला.

मोजणी दुसऱ्या दिवशी झाली. वॉर्डातून तिघांना निवडायचं होतं आणि ईरा तिसरी आली. ताईने बातमी ऐकली, देवापुढे साखर ठेवली, आणि मग जी रडली ती थांबेचना. ईरा तिला मिठी मारून म्हणत होती, "आई, मी जिंकली, तू रडतेस काय?" मीही रडले, पण आटोपशीर.

अलीकडच्या वॉर्डात ईराच्या पक्षाचे गृहस्थ पडले. थोडक्यात पडले.

निघायच्या सकाळी माझी बॅग दारात होती. ईरा टोस्ट खाता खाता चौथ्यांदा की पाचव्यांदा तेच विचारत होती.

"आई, खरं सांग. तू आमच्या पार्टीला दिलंस ना?"

ताई माझ्यासाठी लाडवांचा डबा बांधत होती. मान वर न करता म्हणाली, "रेषा कोणी आखली?"

"मी."

"मग पलीकडचं बघ. अलीकडचं माझं मी बघीन."

ईरा तोंडात टोस्ट तसाच धरून आईकडे बघत राहिली. मग इतकी हसली की तिला ठसका लागला.

पुण्याला आल्यावर सोसायटीतल्या सगळ्यांनी विचारलं, भाची निवडून आली का. आली, म्हणून सांगितलं. शेजारच्या कुलकर्णी वहिनींना मात्र चुटपुट लागून राहिली. म्हणाल्या, सख्ख्या आईचं मत लेकीला नाही, केवढं वाईट. मी त्यांना लाडू दिला. इतक्या निवडणुकांच्या ड्यूट्या केल्या, हजारो बोटांना शाई लावली, पण मत देऊन इतक्या ऐटीत बाहेर पडलेली बाई मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. ते मत कोणाला गेलं, हे ताईने ईराला अजून सांगितलेलं नाही. फोनवर मीही एकदा आडून विचारून पाहिलं. ताई म्हणाली, "तुझा तर वॉर्डच नाही तो," आणि हवेबद्दल बोलू लागली.