बिनखिडकीच्या खोलीतले काका

“काही घडलं नाही. उत्तम.”

आमच्या वरच्या मजल्यावरचे काका कुठल्याही प्रश्नाला हेच उत्तर देत. मोतीबिंदूचं ऑपरेशन कसं झालं? काही घडलं नाही, उत्तम. पुतणीचं लग्न कसं पार पडलं? काही घडलं नाही, उत्तम. एकदा सोसायटीच्या गणपतीत माझ्या बायकोचं गाणं होतं. ते संपल्यावरही काकांनी मान डोलावून हीच दाद दिली, आणि ती दोन दिवस माझ्याशीच नीट बोलली नाही.

तुमच्याही शेजारी असं कुणी असेल, ज्याचं बोलणं आपल्याला आधी विचित्र वाटतं आणि मग त्याचं काम कळलं की सगळा उलगडा होतो. काकांचं काम आम्हाला फार उशिरा कळलं. नाशिकला इंदिरानगरात फ्लॅट घेऊन ते राहायला आले तेव्हा एवढंच माहीत होतं, की नोकरी सरकारी, देशाच्या पूर्व किनाऱ्यावर. सकाळी जॉगिंग ट्रॅकवर फेऱ्या मारायच्या, येताना कोथिंबीर आणायची, असा साधा माणूस.

पण काकांची सगळी हयात क्षेपणास्त्रं आणि रॉकेटं उडवण्याच्या तळांवर गेली होती. खरं तर उडवण्यात नाही. उडालेलं रॉकेट वाट चुकलं आणि माणसांच्या वस्तीकडे वळलं, तर ते आकाशातच फोडून टाकायचं. त्याचं बटण काकांच्या हाताखाली असे. म्हणजे ज्या दिवशी काकांना काहीच करावं लागलं नाही, तो दिवस सोन्याचा. आता कळलं ना, ‘काही घडलं नाही’ ही केवढी मोठी दाद होती ते? बायकोला मी हे समजावलं तेव्हा तिने त्यांना वाटीभर पुरण नेऊन दिलं.

एकदा बोलते झाल्यावर काका छान सांगत. सुरुवातीच्या वर्षांत क्षेपणास्त्राची चाचणी असली की आसपासची गावं थोड्या वेळासाठी रिकामी करत. लोक शेळ्या, कोंबड्या, पोरंबाळं घेऊन लांबच्या शाळेत जाऊन बसत. एक म्हातारी दर वेळी काकांना गाठून विचारायची, “तुमचं ते गेलं का एकदाचं? माझा भात चुलीवर आहे.” काका म्हणायचे, “सगळ्या साहेबांच्या फोनपेक्षा मला तिच्या भाताचं दडपण जास्त.”

ते बटण त्यांनी एकदाच दाबलं.

हे त्यांनी मला गच्चीवर सांगितलं, पांडवलेणीच्या डोंगराकडे बघत. नवं मोठं रॉकेट होतं. त्याला दिशा देणारी यंत्रणा त्यांच्या शेजारच्या क्वार्टरमधल्या मित्राने बनवलेली. केरळचा माणूस, त्या कामापायी त्याने घरच्यांकडेही धड पाहिलं नव्हतं. रॉकेट सुटलं, सरळ चढलं, आणि काकांच्या खोलीतल्या पडद्यावरचा त्याचा ठिपका हळूच किनाऱ्याकडे कलला. मित्र मागे उभा होता. तो ओरडला, “थांब! ते परत वळेल!”

“मग?” मी विचारलं.

“मी नाही थांबलो,” काका म्हणाले. “खाली गाव होतं रे. बायका वाळूत मासे वाळत घालत होत्या.”

तुकडे समुद्रात पडले. कुणाला ओरखडाही आला नाही. संध्याकाळी मित्र घरी आला. काकूंनी पिठलं-भाकरी वाढली, तो मुकाट्याने जेवला. हात धुऊन आला आणि म्हणाला, “बरोबर केलंस. आता तुला ते बटण परत दाबावं लागू नये, असं बनवतो.”

आणि त्याने बनवलं. तसंच रॉकेट पुन्हा उभं राहिलं, तेच दोघं पुन्हा त्याच खोलीत. या वेळी ठिपका आखलेल्या रेषेवरून जराही ढळला नाही. लोक नाचत होते, मिठ्या मारत होते. काका मात्र आपली जबाबदारी संपेपर्यंत खुर्चीतून हलले नाहीत. ती संपली तसं त्या मित्राने त्यांना खुर्चीसकट उचललं. “मी तेव्हा बारीक होतो,” काका लाजून म्हणाले.

मागच्या हिवाळ्यात काका गेले. झोपेतच, शांतपणे. पण मला तुम्हाला सांगायचं आहे ते त्याच्या आदल्या वर्षीचं.

सोसायटीच्या हॉलमध्ये आम्ही एका रॉकेटचं उड्डाण पडद्यावर बघत होतो. माझ्या बायकोने सहज विचारलं, “काका, खरं रॉकेट जाताना कसं दिसतं हो?”

काका पडद्याकडेच बघत राहिले. मग म्हणाले, “मला नाही माहीत.”

काकू खळखळून हसल्या. “अगं, यांनी एकही पाहिलेलं नाही! मी सगळी पाहिली, क्वार्टरच्या गच्चीवरून, कपडे वाळत घालता घालता. हे आपले बिनखिडकीच्या खोलीत.”

“मी ठिपके पाहिले,” काका म्हणाले.

निवृत्तीनंतर तरी जायचं होतं, असं आम्ही म्हणालो. रॉकेटच्या तळावर आता लोकांसाठी गॅलरी आहे, कुणीही जाऊ शकतं. पण काका तयार होईनात. शेवटी मला एकट्याला म्हणाले, “समोर रॉकेट जातंय आणि माझ्या हातात काहीच नाही, हे मला सोसायचं नाही. ते वळलं तर?”

काकूंनी ऐकलं नाही. आम्ही चौघं निघालो, नाशिकरोडहून गाडी, मग चेन्नईहून भाड्याची जीप. वाटभर काकूंच्या शेंगदाण्याच्या पोळ्या. काका खिडकीबाहेर बघत होते, जेवतही नव्हते.

गॅलरीत जत्रा उसळलेली. झेंडे, टोप्या, खारट वारा, कर्ण्यावरून उलटी मोजणी. काकांनी पुढचा कठडा इतका घट्ट धरला होता की बोटं पांढरी पडली. काकूंनी त्यावर आपला हात ठेवला.

झाडांच्या मागे एकदम उजेड फुटला. सूर्य उगवावा तसा, पण घाईने. आणि त्या उजेडावर बसून ते वर निघालं, अगदी निःशब्द.

“आवाज का नाही?” काका घाबरून ओरडले. “काहीतरी बिघडलंय!”

“अहो, आवाज मागून येतो! बघा तुम्ही नुसतं!”

आणि तो आला. कानांत नाही, छातीत आला. पायाखालच्या फळ्या थरथरल्या. माझी बायको रडत होती, मीही. ज्वाळेची ती रेघ सरळ चढली, मग समुद्राच्या दिशेने डौलात वाकली, जिथे वाकायला हवी तिथेच. काकांचे हात कठड्यावरून सुटले. दोन्ही हात वर करून ते ओरडले, “उडालं! अगं, उडालं!” जणू इतक्या गर्दीत ते त्यांनी एकट्यानेच पाहिलं होतं. टोपी कुठे पडली त्यांना कळलंच नाही.

शेजारी उभ्या असलेल्या एका कॉलेजातल्या मुलीने ती उचलून दिली. त्यांचे वाहणारे डोळे पाहून हसत म्हणाली, “पहली बार देख रहे हैं, अंकल?”

काकू काहीतरी सांगायला निघाल्या, तर काकांनी त्यांना हळूच कोपर मारलं.

“हाँ बेटा,” ते म्हणाले. “पहली बार.”

मग ती मुलगी आकाशाकडे बोट दाखवून त्यांना उत्साहाने समजावू लागली, की आता पहिला टप्पा गळून पडेल, मग दुसरा पेटेल. काका टोपी छातीशी धरून, मान वर करून, लहान पोरासारखे ऐकत होते.

“अच्छा?” ते म्हणत होते. “फिर?”