बाळापूरच्या छतांवरची वैशाली

वैशाली कुणाच्याही घरी गेली की आधी जिना शोधायची. आखाडा बाळापुरात आमच्या वरच्या खोलीत राहायला आली, तेव्हाही सामान दारात टाकून ती थेट छतावर गेली आणि तासाभरानं मान चोळत उतरली. काय बघितलंस, विचारलं तर म्हणाली, वर आभाळात दोन माणसांचं भांडण चाललंय.

ती हट्टा गावची, माहितीपट काढणारी. गाव ज्यांना रिकामटेकडे म्हणतं, नेमकं त्यांच्यातच तिचं मन रमायचं. आधी डीजेच्या गाड्या सजवणाऱ्यांबरोबर हिंडली, मग छतांवरून कबुतरं उडवणाऱ्या कबुतरबाजांच्या मागे लागली. या बाईच्या डोक्यात चाललंय तरी काय, याची मला फार उत्सुकता. सुरुवातीला तिनं कॅमेरा पिशवीतून काढलाच नाही. खुराडी झाडायची, दाणे निवडायची आणि केसांत पिसं घेऊन जेवायला यायची. मी चिडवलं की म्हणायची, "मावशी, आधी लोकायला आपला कंटाळा आला पायजे. मंग ते खरं वागतेत."

तिच्या फिल्ममध्ये दोघं होते, रहीमचाचा आणि काशिनाथभाऊ. एके काळचे जिवलग, पण आता त्यांच्यात 'जंग' होती. म्हणजे एकाचं कबुतर दुसऱ्याच्या छतावर उतरलं तर ते परत मिळत नाही. ज्यानं पकडलं त्यानं स्वतः नेऊन दिलं, तरच 'सुलह', म्हणजे समेट. दोघंही हटून बसलेले. त्यामुळे फिल्मला शेवट मिळेना, आणि वैशालीला झोप लागेना.

एका दुपारी काशिनाथभाऊंच्या छतावर चित्रण चालू होतं. मीही बघायला गेले होते. भाऊंच्या चेहऱ्यावर उजेड पडावा म्हणून वैशालीनं थर्माकोलची पांढरी पाटी उंच धरली. रहीमचाचा आपली कबुतरं पांढरं फडकं दाखवून उतरवतात, हे ती कामाच्या भरात विसरली. चाचांची लाडकी मादी थकून आली ती सरळ आमच्यापुढे उतरली. भाऊंनी झटक्यात पकडली. कॅमेरा चालू होता.

वैशालीनं तो बंद केला. "भाऊ, हे तुमी न्हाई उतरवलं. माझ्या पाटीला भुललं ते."

भाऊ बराच वेळ पंखावरून बोट फिरवत राहिले. मग तूच देऊन ये, म्हणाले. ती नको म्हणाली; तुम्हीच चला, कॅमेरा इथंच राहील.

आम्ही तिघं गेलो. रहीमचाचांनी दार उघडलं, पक्षी हातात घेतला, उलटापालटा करून बघितला.

"काशिनाथ," ते म्हणाले, "चाय पिऊन जा."

परतताना मी तिला बोलले, अगं वेडे, ज्याच्यासाठी एवढी खपलीस तोच शेवट हातचा घालवलास.

"कॅमेरा असता तं चाचा माझ्याकडं बघून बोलले असते, मावशी."

तिच्या फिल्ममध्ये ती जंग अजून चालूच आहे. शाळेच्या हॉलमध्ये ती दाखवली तेव्हा लोक विचारायला लागले, पुढं काय झालं? पुढच्या सतरंजीवर रहीमचाचा आणि काशिनाथभाऊ एकाच पुडीतल्या शेंगा फोडून खात होते.