उटेला हवा होता एक खरा माणूस

टीव्हीच्या एडिटिंग रूममध्ये फुटेजपेक्षा किस्सेच जास्त साठतात. फुटेज निदान डिलीट तरी करता येतं! मी लाइपझिगमधल्या एका छोट्या कंपनीत एडिटर आहे, आणि माझ्याकडचे निम्मे किस्से आमची रिपोर्टर उटे हिचे. ती वाढली जुन्या पूर्व जर्मनीत, त्यामुळे सरकारी देखावा कसा उभा करतात हे तिला कुणी शिकवायला नको.

यंदा फिल्म होती व्हिएतनामवर. कम्युनिस्ट पक्ष तोच, दुकानं नवी! चॅनेलने बजावलं होतं, "एक तरी मनातलं बोलणारा खरा माणूस आणा, नाहीतर फिल्म रद्द!"

*

तिथे दिमतीला सरकारने नेमलेले दुभाषे मिन्हसाहेब. शिक्षण ड्रेस्डेनचं, त्यामुळे जर्मन एकदम फर्डी. प्रश्न त्यांनी आधीच लेखी मागून घेतले होते. एका भाजीवालीने उत्तरं पाठ केली, पण क्रम चुकला. उटेने विचारलं, "मुलं किती?"

बाई ठसक्यात म्हणाल्या, "उत्पादन दरवर्षी वाढतंय!"

*

मग एका 'आदर्श कुटुंबा'चं घर. उटे दारातच थबकली. "अरे, भिंतीला टेकू नका, रंग ओला आहे!"

"कसं ओळखलंत?" मिन्हसाहेब चपापले.

"आमच्या शाळेत मंत्री यायचे, तेव्हा ब्रश माझ्याच हातात असायचा!"

*

उटेने तिथून पाठवलेलं हे फुटेज मी घरी बघत होते. पुण्याहून आलेल्या सासूबाई मागून डोकावल्या. "अगं, हे तर आपल्याकडेही चालतं!"

"अहो आई, कम्युनिस्ट देश आहे तो," मी म्हटलं.

"असू दे गं! आमच्या शाळेत इन्स्पेक्शनच्या दिवशी हुशार पोरं पुढच्या बाकावर बसवायचे. त्याला कम्युनिस्ट कशाला व्हायला हवं?"

उटेला फोनवर हे सांगितलं, तर "गेनाऊ! अगदी बरोबर!" म्हणत तिने टाळ्याच पिटल्या.

*

शूटिंगचे दहा दिवस संपत आले, खरा माणूस काही मिळेना. इकडे माझाही जीव टांगणीला. शेवटच्या दुपारी मिन्हसाहेब सगळ्यांना बायकोच्या सूपच्या टपरीवर जेवायला घेऊन गेले. नवऱ्याला बघताच बाईने डाव उगारला आणि ती कडाडली, तेही जर्मनमध्ये! तरुणपणी ती आमच्या लाइपझिगच्याच एका सूतगिरणीत कामाला होती.

"दिवसभर लोकांना गप्प बसवतोस! या टपरीच्या लायसन्ससाठी मी सात महिने तुमच्या सरकारी ऑफिसात रांगा लावल्या, तेव्हा कुठे होतास?"

कॅमेरा चालूच होता. ती चार मिनिटं चॅनेलने एकही कट न मारता दाखवली. आम्ही जिंकलो!

त्या दुपारी मात्र उटेने प्रामाणिकपणे विचारलं होतं, "मिन्हसाहेब, हे पुसून टाकायचं का?"

मिन्हसाहेबांनी शांतपणे सूप संपवलं.

"राहू द्या," ते म्हणाले, "ती माझ्या खात्यात येत नाही."