रेडबडचं सोनं

इथे अमेरिकेत, आयसेलिनमध्ये आमच्या कंपूतले चारजण भेटले की पाचव्या मिनिटाला वसंतकाकांचं झाड निघतंच. किस्से कुणी जपून ठेवले नाहीत, तरी साठत गेले!

काका-नलूकाकूंनी घर घेतलं ते ऐन थंडीत. अंगणातलं रेडबडचं झाड म्हणजे नुसता खराटा. "मेलंय हे," म्हणत काकांनी झाडं कापणाऱ्याला फोन केला. त्याला सवड मिळाली एप्रिलमध्ये. पाहतो तर पानांचा पत्ता नाही, पण थेट खोडाच्या सालीतून गुलाबी-जांभळी फुलं फुटलेली! काकांनी त्याला चहा पाजून परत पाठवलं.

*

मग पानं आली, पत्त्यांतल्या बदामासारखी. काकू म्हणाल्या, "अहो, हे आपट्याच्या नात्यातलं दिसतंय. फक्त मधे चिरलेलं नाही."

"मग आपण चिरू!"

तेव्हापासून दर दसऱ्याला काका कात्री घेऊन बसायचे आणि प्रत्येक पानाच्या टोकाला काप द्यायचे. इथे तोवर पानं पिवळी होतात. माझी मुलगी तन्वी म्हणाली, "काका, धिस इज फेक गोल्ड!" काका म्हणाले, "रंग बघ, रंग! तिकडचं सोनं तर हिरवं असतं!"

*

काकू फुलांची कोशिंबीर करायच्या. छान आंबटसर लागायची. आमच्यातल्या सतीशने हौसेने स्वतःचं रेडबड लावलं. ते निघालं पांढऱ्या फुलांचं. "यार, दह्यात फुलं सापडतच नाहीत!"

*

शेजारचा जॉन कुंपणावरून विचारायचा, "चांगली पानं का कापता?" काका त्याच्या हातात एक पान ठेवून "गोल्ड!" म्हणायचे. तो गंभीरपणे ते खिशात घालायचा.

*

काका गेले. काकूंनी घर विकलं आणि मुलाकडे दूर चँडलरला निघाल्या. सामानाचं त्यांना काहीच वाटलं नाही. जाताना एकच म्हणाल्या, "नवे लोक थंडीत राहायला येणार रे. खराटा बघून तोडतील." त्यांच्याइतकंच आम्हालाही ते झाड हवं होतं.

यंदा दसऱ्याला काकूंचा व्हिडिओ कॉल आला. हातात जॉनने पाठवलेलं पाकीट. आत पिवळी पानं, प्रत्येकाला कात्रीचा काप.

"टोकाऐवजी देठाकडून कापलीत बघ मेल्याने!" काकू हसत होत्या, डोळे पुसत होत्या. "हे असते तर सगळी परत कापायला लावली असती. पण झाड आहे रे! झाड आहे!"