मौनयात्रेचा वाटाड्या

माझ्या धाकट्या दिराला कंपनीच्या कागदावर 'निष्काळजी' लिहिलंय. निष्काळजी! जो माणूस चहा पिऊन झाला की कप पालथा ठेवतो, उगाच एखादी मुंगी आत पडून मरायला नको म्हणून, तो म्हणे निष्काळजी. कागदावर चार ओळी आहेत आणि खाली कंपनीचा शिक्का. माझ्याकडे शिक्का नाही, पण तोंड आहे. तेव्हा आता माझंही ऐका.

मी ह्या ट्रेकची स्वयंपाकीण. पाच दिवसांची वाट, चार मुक्काम, मध्ये पाच देवळं, बाकी सगळी दाट झाडी. शुक्रवारी सकाळी बारा पाहुणे निघतात आणि मंगळवारी दुपारी डोंगराच्या पलीकडे उतरतात. तंबू, भांडी आणि मी खेचरांच्या वाटेनं आधीच पुढच्या मुक्कामाला पोचतो. पाहुण्यांना जंगलातून आणायचं काम भाऊजींचं. एकतीस वर्षं ते हेच करतायत. आमचे हे गेले तेव्हा मी चार महिने भिंतीकडे बघत बसले होते. एक दिवस भाऊजी दारात येऊन म्हणाले, "वहिनी, डोंगरात नीट स्वयंपाक करणारं कोणी मिळत नाही. चला." सांत्वनाचा एक शब्द नाही, काही नाही. त्याला आता एकोणीस वर्षं झाली.

भाऊजींचं बोलणं मुळात कमीच. पाहुणे हौसेनं विचारतात, "ह्या देवळात बघण्यासारखं काय आहे?" तर हे म्हणणार, "पुढे देव, मागे पाणी. बाटल्या भरून घ्या." दुसरा कोणी असता तर राजा-राणीच्या चार गोष्टी रचून टाळ्या घेतल्या असत्या. ह्यांना ते जमायचंच नाही. डावा गुडघा कुरकुरतो, त्याचीही कधी तक्रार नाही. वनखात्यानं दिलेला पितळी बिल्ला मात्र रोज सकाळी शर्टाच्या बाहीनं पुसणार आणि मगच छातीवर लावणार. संसार केला नाही. बिल्ला आणि गुडघा, एवढाच त्यांचा परिवार, असं मी चिडवायची.

आणि चालायचे कायम सगळ्यात मागे. तंबूवाले त्यांना 'शेपूट' म्हणतात, तोंडावर म्हणतात, आणि हे हसतात. मीच एकदा म्हटलं, "अहो, वाटाड्यानं पुढे नको का असायला?"

"वाट कुठं पळून जातेय, वहिनी? पळतात ती माणसं."

खरंच आहे. पायवाट ठळक आहे. चुकण्यासारख्या जागा तीनच, तिथे ह्यांनी स्वतः दगडांवर चुन्याचे बाण काढलेत. पण माणसं? एक फोटो काढायला थांबतो, दुसऱ्याच्या बुटात खडा जातो, तिसरीला एकदम रडू येतं आणि ती झाडामागे जाऊन बसते. हे सगळे मागे पडतात, आणि मागे भाऊजी असतात. शिवाय देवळांची युक्ती होती. निघतानाच सांगायचे, प्रत्येकानं प्रत्येक देवळात एक घंटा वाजवायची, एकच. हे मागून येता येता मोजायचे. बारा घंटा झाल्या की स्वतःची तेरावी. अकराच झाल्या तर आल्या पावली मागे. एकतीस वर्षांत एक माणूस हरवला नाही. एक! कंपनीच्या गोदामातून छत्र्या हरवतात.

मग आले नवे साहेब. पर्यटनातली मोठी पदवी, गुळगुळीत बूट, आणि डोंगराशी ओळख फक्त पडद्यावरची. आल्या आल्या त्यांनी शोध लावला की लोकांना शांतता हवी आहे. झालं, ट्रेकचं नाव पडलं 'मौनयात्रा'. पाच दिवस कोणी बोलायचं नाही. काही लागलं तर खिशातल्या छोट्या वहीत लिहून दाखवायचं. आणि घंटांच्या आवाजानं जंगलाची शांतता मोडते म्हणून पाचही देवळांतल्या घंटांच्या लोलकांना फडकी बांधून टाकली. जंगलाची शांतता! तिथे सकाळी पाखरं इतका गोंधळ घालतात की मला माझं भांडं पडलेलं ऐकू येत नाही.

वर दुसरं फर्मान. कोणा पाहुण्यानं म्हणे लिहून कळवलं होतं की गाईड पुढे दिसतच नाही. म्हणून भाऊजींनी आता पुढे चालायचं.

भाऊजी ऑफिसात गेले. मी होते सोबत, म्हणून सांगते. म्हणाले, "मग मागे कोण?"

"मागे कशाला कोण हवं? सगळी मोठी माणसं आहेत," साहेब म्हणाले.

"निदान घंटा तरी सोडा."

"काका, तुम्हाला ही संकल्पना कळलेली नाही."

संकल्पना! डोंबल तुमची संकल्पना. पण भाऊजींनी मान खाली घातली आणि आम्ही बाहेर आलो. जिन्यात मी म्हटलं, अहो, भांडायचं होतंत. तर म्हणे, साहेब शिकलेले आहेत, काही विचार केला असेल. मला तेव्हाच ओरडायला हवं होतं. मी नुसती पदर खोचून चालत राहिले, ह्याचा मला आजही राग येतो.

पहिल्याच मौनयात्रेत, तिसऱ्या दिवशी, दुपारी पाहुणे मुक्कामाला आले. भाऊजी वाटेच्या तोंडाशी उभे राहून एकेक मोजत होते. अकरा. पुन्हा मोजले, अकराच. निळी टोपी घालणारी एक निवृत्त बाई होती, ती नाही. भाऊजींचा चेहरा पांढरा पडला. सगळ्यांना विचारलं, कोणी पाहिलं का? सगळे एकमेकांकडे बघतायत, तोंडावर बोट. तेवढ्यात एक गृहस्थ शांतपणे पुढे आले आणि त्यांनी वही उघडून दाखवली. सुबक अक्षरात लिहिलं होतं, 'निळी टोपी दिसत नाही.' खाली वेळ, सव्वाबारा. आणि तेव्हा वाजले होते तीन! पावणेतीन तास ते वाक्य खिशात घेऊन हा भला माणूस चालत होता. पुढे जाऊन दाखवायला वाट अरुंद होती म्हणे, आणि हाक मारणं नियमात बसत नव्हतं. मी हातातला चमचा आपटला. नाहीतर त्यांच्याच डोक्यात बसला असता.

भाऊजी पाण्याची बाटली आणि दोरी घेऊन निघाले ते जवळजवळ पळतच, तो गुडघा घेऊन. ती बाई त्यांना तिसऱ्या देवळाच्या खालच्या उतारावर सापडली. पाय मुरगळून वाटेखालच्या घळीत घसरली होती. वरून सहा माणसं गेली तिच्या देखत. तिला त्यांचे बूट दिसले. पण मौन घेतलंय ना! बिचारीनं हाकच मारली नाही. पालापाचोळ्यात बसून वाट बघत राहिली. भाऊजी वाकून बघतात तो ती म्हणाली, "बोललं तर चालेल का हो?"

"बोला बाई. ओरडा सुद्धा."

आणि मग ती इतकी मोठ्यानं रडली म्हणे की भाऊजींनाही रडू आलं. अंधार पडायच्या आत तिला पाठीवर घेऊन आले. मी त्यांच्या हातात चहा दिला, तो पिऊन त्यांनी कप तेवढ्यातही पालथा ठेवला. दुसऱ्या दिवशी बाईला खेचरावर बसवून खाली पाठवली. पाय बरा आहे आता तिचा. तिनं कोणाची तक्रारही केली नाही.

पण कंपनीला कोणाच्या तरी नावावर बिल फाडायचं होतं. भाऊजींना बोलावणं आलं. टेबलावरच्या काचेखाली त्याच जंगलाची रंगीत चित्रं, आणि काचेवर हा कागद. 'वाटाड्याच्या निष्काळजीपणामुळे पाहुणी मागे राहिली. सबब येत्या सोमवारपासून त्यास कामावरून कमी करण्यात येत असून बिल्ला वनखात्यास परत करण्यात येईल.' मी म्हटलं, "साहेब, ह्यांना पुढे चालायला कोणी लावलं? फडकी कोणी बांधली?" साहेब माझ्याकडे न बघताच म्हणाले, "ताई, तुम्ही स्वयंपाकाचं बघता ना?" माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. आणि भाऊजी? भाऊजींनी पेन उचललं.

"अहो, काय करताय!"

"चूक माझीच आहे, वहिनी. मला कळत होतं, तरी मी पुढे चाललो."

आणि केली सही. सावकाश, एकेक अक्षर. आता सांगा, अशा माणसासाठी भांडायचं तरी कसं? साहेबांनी कागद ओढून घेतला, हसले, आणि पुढचं जे बोलले ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. "हे सोमवारपासून लागू होईल हं. शुक्रवारची तुकडी तुम्हीच घेऊन जा. दुसऱ्या कोणाला वाट माहीत नाही."

ऐकलंत? सोमवार म्हणजे चौथा दिवस. ऐन जंगलाच्या मध्यावर! म्हणजे रविवारपर्यंत हा माणूस बारा जीव सांभाळायच्या लायकीचा, आणि सोमवारी सकाळी उठला की निष्काळजी. मला वाटलं, आता तरी हे उठून चालू पडतील. हे म्हणाले, "बरं."

घरापर्यंत मी तरातरा पुढे चालत आले. दारात विचारलं, "लाज नाही वाटत?" तर म्हणाले, "बारा माणसं निघालीत घरून. त्यांना कुठं काय माहीत?"

शुक्रवारी निघालो. साहेबांना न विचारता भाऊजी आपले मागे चालले. देवळादेवळात फडकं सोडलं, नीट घडी घातली, खिशात ठेवलं. सोमवार उजाडला. मी चुलीपाशी होते. भाऊजींनी बिल्ला काढला, बाहीनं पुसला, आणि माझ्यापुढे धरला. "डब्यात ठेवा. आज लावता येणार नाही."

बस्. मौन गेलं चुलीत. डाव हातात घेऊन मी त्या बारा जणांपुढे उभी राहिले आणि सगळं बाहेर काढलं. निळी टोपी, वही, कागद, सही, सोमवार, सगळं. माझा आवाज पलीकडच्या डोंगरावर आपटून परत येत होता. शेवटी एक तरुण मुलगी, तीन दिवसांत पहिल्यांदाच, बोलली. "मग आज आमचे गाईड कोण?"

"कोणी नाही," भाऊजी म्हणाले. "तुम्ही चला. मी मागे आहे."

माझ्यावर मात्र ते चिडले. एकोणीस वर्षांत पहिल्यांदा. म्हणे, घाबरवलंत त्यांना उगाच, घाबरलेला माणूस पाय नीट टाकत नाही. आणि दिवसभर त्या बाराही जणांना बोलतं ठेवत आणलं. ह्या न बोलणाऱ्या माणसानं!

बुधवारी दुपारी बिल्ला ऑफिसात जमा झाला. पाची फडकी सुद्धा, घड्या घातलेली. पोचपावती दिली नाही. साहेब जेवायला गेले होते.

काल सकाळी घरी फोन आला. मीच घेतला. साहेब मधाळ आवाजात म्हणाले, नवा माणूस अजून तयार झालेला नाही, तेव्हा काकांनी ह्या शुक्रवारी, फक्त ह्या एकाच वेळेपुरतं, बिल्ल्याशिवाय, जरा सोबत म्हणून जावं. मी जे बोलले ते लिहिण्यासारखं नाही. शेजारीण खिडकीत आली, एवढं सांगते. फोन आपटला आणि वळले तर भाऊजी खाटेवर बसून गुडघ्याला तेल लावत होते.

मी म्हटलं, "संपला विषय. पुन्हा नाव काढायचं नाही."

त्यांनी मान हलवली. मग माझ्याकडे न बघताच विचारलं, "किती जण आहेत म्हणाले?"