सरांच्या कॉमेंट्रीत मी अनवाणी

"मॅडम, चप्पल उतार दीजिए. सर की कमेंट्री में आप नंगे पाँव हैं."

फरीदाबादच्या माझ्याच स्टुडिओत दिग्दर्शक मला हे सांगत होता. आधुनिक चित्रकारांवरची फिल्म. त्यांची रीत अशी, की समीक्षकाचं बोलणं आधी रेकॉर्ड करायचं. मग चित्रकाराला त्या बोलण्याबरहुकूम बसवायचं, चालवायचं, खिडकीबाहेर बघायला लावायचं. चित्रकारानं बोलायचं नाही.

समीक्षक सर माझ्याच खुर्चीत बसले होते. दिल्लीतलं जुनं मराठी घराणं. त्यांनी नाव घेतलं की चित्रकाराचं भलं व्हायचं. टाळलं की तो संपायचा.

मी चप्पल काढली. जमिनीवर बसले. जन्मात कधी जमिनीवर बसून चित्र काढलं नव्हतं.

मग दिग्दर्शकानं माझ्या एका काळ्या चित्रावरचं सरांचं रेकॉर्डिंग लावलं. "हा काळा रंग म्हणजे बापाच्या हातातलं चामडं. ही विचार करत नाही, हिचं रक्त रंगवतं."

माझं डोकंच फिरलं. माझे बाबा केंद्र सरकारात सेक्शन ऑफिसर होते. त्यांना बढती मिळाली त्याच आठवड्यात आमच्या सरकारी क्वार्टरच्या दारावर कुणीतरी डांबर फासलं. शाळेतून आल्यावर मीच ते आधी पाहिलं. आई घासत बसली. डाग गेला नाही. शेजारी येताजाता बघायचे. विचारलं एकानंही नाही. चित्रातला काळा रंग म्हणजे ते डांबर.

मी सरांना सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"अगं, डांबर कोणाला कळणार? चामडं बरोबर पोचतं. चलो, बस तू."

मी उठले. "चामडं आजोबांनी कमावलं, त्याची मला लाज नाही. पण डांबर ज्यांनी फासलं, त्यांना तुम्ही का वाचवताय?"

सर हसले. "दिल्ली लहान आहे हं. सांभाळून."

"कॅमेरा बंद करा आणि निघा," मी म्हणाले.

पुढच्याच आठवड्यात गुरुग्रामच्या गॅलरीनं माझं प्रदर्शन पुढे ढकललं. कारण दिलं नाही. ओळखीचे लोक फोन उचलेनात. आणि माझं ते काळं चित्र फिल्मवाल्यांनी एका संग्राहकाच्या घरी जाऊन शूट केलं. कॉमेंट्रीत चामडं, रक्त, सगळं तसंच ठेवलंय. मला भीती वाटते. रोज वाटते.

या शनिवारी फिल्मचा पहिला शो आहे. बाबांना घेऊन जाणार आहे. दिवे मालवले आणि सर बोलायला लागले, की मीही उभी राहून बोलणार. मोठ्यानं.

बाहेर काढतील. ओढत काढावं लागेल.